मोटारीनं मारलं, मोटारीनं तारलं : डेट्रॉईटच्या एका स्टेशनची गोष्ट
(रौप्यमहोत्सवी वर्षातील व्याख्यानमालेत क्लबहाऊसमध्ये केलेल्या भाषणाची संहिता)



व्याख्यानमालेचं ठरलं तेव्हा सेक्रेटरीसाहेबांची सूचना होती की, मी ‘निवृत्तांसाठी गुंतवणूक’ या विषयावर बोलावं. मी त्यांना म्हटलं, त्या विषयावर मंडळी मला लिफ्टमध्ये, जिन्यात आणि भाजीच्या गाडीजवळ विचारतातच, त्यासाठी माईक कशाला? मला एका इमारतीबद्दल बोलायचंय. आपली सोसायटी पंचवीस वर्षांची झाली, सध्या जो तो इमारतीबद्दलच बोलतोय, तर मीही एका इमारतीबद्दल बोलतो. ही इमारत मात्र अमेरिकेत आहे आणि शंभरी ओलांडलेली आहे.

डेट्रॉईट हे गाव आपल्यापैकी अनेकांना ऐकून माहीत आहे, कारण कुणाचा तरी मुलगा, सून, जावई तिथल्या मोटार कंपन्यांमध्ये किंवा त्यांना सुटे भाग पुरवणाऱ्या कंपन्यांमध्ये असतो. मराठी माणसं तिथे इतकी आहेत की स्वतःचं महाराष्ट्र मंडळ आहे. आमची मुलगीही त्याच भागात राहते. २०२४ च्या उन्हाळ्यात आम्ही दोघं तिच्याकडे होतो. एका शनिवारी जावई म्हणाले, “बाबा, तुम्हाला मॉल दाखवण्यात अर्थ नाही, चला, स्टेशन दाखवतो.” मला वाटलं, गाडीनं कुठंतरी जायचंय. तर नाही. या स्टेशनात १९८८ पासून एकही प्रवासी गाडी आलेली नाही!

नाव मिशिगन सेंट्रल स्टेशन. समोर मोठी बाग आणि बागेच्या टोकाला ही इमारत. पुढे स्टेशनचा बसका, रुंद, दगडी भाग, त्यात भल्यामोठ्या कमानदार खिडक्या. आणि त्याच्या पाठीवर उभा अठरा मजली मनोरा. स्टेशनवर अठरा मजले कशासाठी? तर रेल्वे कंपनीच्या कचेऱ्यांसाठी. उघडलं तेव्हा हे जगातलं सर्वांत उंच रेल्वे स्टेशन होतं. आराखडा वॉरन अँड वेटमोर आणि रीड अँड स्टेम या दोन फर्मचा. न्यूयॉर्कचं ग्रँड सेंट्रल सिनेमांतून सगळ्यांनी पाहिलंय, तेही यांचंच. म्हणजे ही दोन्ही स्टेशनं सख्खी भावंडं. त्यातलं एक राजधानीत नांदलं आणि दुसऱ्याच्या नशिबी वनवास आला, असं म्हणूया. (न्यूयॉर्क राजधानी नाही हे मला माहीत आहे. सी विंगच्या भूगोलाच्या बाईंनी हात खाली घ्यावा.)

स्टेशन इथे का बांधलं, ते ऐकण्यासारखं आहे. डेट्रॉईट नदीच्या काठावर वसलंय आणि पलीकडे कॅनडा. पूर्वी आगगाडीचे डबे बोटींवर चढवून नदीपार न्यावे लागत. १९१० मध्ये नदीखालून रेल्वेचा बोगदा झाला. जुनं स्टेशन त्या बोगद्याच्या मार्गाला सोयीचं नव्हतं, म्हणून गावाच्या मुख्य पेठेपासून दोन-अडीच किलोमीटर बाजूला, बोगद्याच्या वाटेवर, नवं बांधायला घेतलं. हिशेब असा की, एवढं भव्य स्टेशन झालं की गाव आपोआप त्या दिशेनं सरकेल.

उद्घाटनाची तारीख नीट ठरवून, बँड वाजवून करायची होती. पण २६ डिसेंबर १९१३ ला दुपारी जुन्या स्टेशनाला आग लागली. नवं जवळजवळ तयार होतं. त्याच संध्याकाळी पहिली गाडी नव्या स्टेशनातून सोडली. काय तत्परता! आपल्याकडे तयार झालेला पूल मंत्र्यांची तारीख मिळेपर्यंत फीत बांधून पडून राहतो. रीतसर समारंभ नंतर जानेवारीत झाला.

आता आतल्या बांधकामाबद्दल थोडं सविस्तर सांगतो, कारण मला खरी भुरळ तिथे पडली. मुख्य प्रतीक्षागृह प्राचीन रोममधल्या सार्वजनिक स्नानगृहांच्या धर्तीवर बांधलंय. आत शिरलं की माणूस पहिल्यांदा गप्प होतो आणि मग मान वर करतो. वर उंच, वळलेलं छत. माझ्या आधी शंभर माणसांनी असंच वर पाहिलं असेल आणि माझ्यानंतरही पाहतील. ते छत म्हणजे डाट आहे, पण आपल्याकडच्या जाड दगडी डाटेसारखी नव्हे. ते पातळ, भाजलेल्या मातीच्या फरशांचं आहे. राफाएल ग्वास्ताविनो नावाचा एक स्पॅनिश वास्तुविशारद १८८१ साली लहान मुलाला घेऊन अमेरिकेत आला. त्याच्या मुलुखात अशी छतं बांधायची जुनी पद्धत होती, ती त्यानं तिकडे नेली, सुधारली, आणि पुढे बापलेकांनी अमेरिकाभर केली.

पद्धत अशी. फरशी साधारण इंचभर जाड. पहिला थर चटकन आवळणाऱ्या मालात एकेक फरशी कडेला कड लावून पुढे पुढे नेत बांधायचा. माल लगेच धरतो, म्हणून खाली लाकडांचं पूर्ण सेंटरिंग लागत नाही. त्यावर सिमेंटच्या मालात दुसरा थर, सांधे चुकवून, मग तिसरा. असे थर एकमेकांना धरून एकच कवच होतं. अंड्याच्या टरफलासारखं पातळ आणि वाकाच्या जोरावर मजबूत. शिवाय भाजलेली माती, म्हणजे आगीला भीक घालत नाही. ग्रँड सेंट्रलमध्ये एक जागा आहे, तिथे एका कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून कुजबुजलं तर समोरच्या कोपऱ्यातल्या माणसाला ऐकू येतं. ती करामतही याच छताच्या वळणाची. आणि टिकाऊपणा म्हणाल, तर एलिस आयलंडवर जिथे बोटीनं आलेल्या लाखो परदेशी लोकांची नोंदणी व्हायची, त्या दालनाचं छत ग्वास्ताविनो कंपनीनं बांधलेलं. १९८० च्या दशकात दुरुस्तीला घेतलं तेव्हा अठ्ठावीस हजारांवर फरशांपैकी फक्त १७ बदलाव्या लागल्या. आपल्या लॉबीतल्या फरशा सांगू का? नको. बिल्डरचं नाव घ्यायचं नाही असं कालच ठरलंय.

डेट्रॉईटच्या स्टेशनात अशा सुमारे २९ हजार फरशा आहेत. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागेल.

स्टेशनाचे चांगले दिवस फार मोठे होते. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास इथून दिवसाला दोनशेवर गाड्या सुटत. दक्षिणेकडच्या राज्यांतून हजारो कृष्णवर्णीय कुटुंबं मोटार कारखान्यांत काम मिळेल म्हणून उत्तरेला आली, त्यातल्या अनेकांचं डेट्रॉईटमधलं पहिलं पाऊल याच फलाटावर पडलं. दुसऱ्या महायुद्धात सैनिक इथूनच निघाले. १९४० च्या दशकात रोजचे चार हजार प्रवासी आणि वरच्या मनोऱ्यात तीन हजार नोकरदार होते. आत उपाहारगृह, न्हाव्याचं दुकान, बायकांसाठी वेगळी खोली. व्ही.टी.च्या आवारात दुपारी एक वाजता उभं राहिलात तर जे जाणवतं, तसंच काहीसं असणार.

पण बँकेतला माणूस म्हणून मला पाया खणतानाच्या दोन गोष्टी खटकतात. एक म्हणजे, सगळा भरवसा गाव सरकेल यावर. गाव सरकलं नाही. मग मंदी आली, मग युद्ध आलं. दुसरं असं की, लोक ट्रामनं येतील असं धरून आखणी केलेली. १९३८ मध्ये स्टेशनाकडे येणारी ट्राम बंद झाली आणि स्वतःच्या मोटारीनं येणाऱ्याला गाडी लावायला पुरेशी जागाच नव्हती! मोटारींच्या राजधानीत पार्किंगचा विचार न करता बांधलेली इमारत. आपल्याकडे दर वर्षी सर्वसाधारण सभेत पार्किंगवरून जे होतं, ते आठवलं की मला त्या आराखडेवाल्यांची कीव येते. मनोऱ्याचे वरचे काही मजले तर कधी पूर्ण सजवलेच गेले नाहीत. कर्जप्रस्तावात ज्या मजल्याचं भाडं धरलंय पण जिथे कधी कुणी टेबल मांडलंच नाही, असे मजले मी नोकरीत बरेच पाहिलेत.

युद्धानंतर रस्ते झाले, विमानं आली, घराघरांत मोटार आली. ती मोटार बनत होती त्याच गावात. १९५६ मध्ये रेल्वेनं स्टेशन विकायला काढलं, मागणी होती ५० लाख डॉलर. बांधायला दीड कोटी लागले होते. त्रेचाळीस वर्षांनी तृतीयांश किंमत, आणि त्यालाही गिऱ्हाईक नाही. १९६७ मध्ये मुख्य प्रतीक्षागृहाला कुलूप लागलं. पुढे अ‍ॅमट्रॅक आली, १९७५ मध्ये ते परत उघडलं, थोडी डागडुजी झाली. पण ५ जानेवारी १९८८ ला शेवटची गाडी सुटली आणि दिवे गेले.

त्यानंतर तीस वर्षं.

मंडळी, इमारत म्हातारी होऊन मरत नाही. तिच्यात कुणी जायचं-यायचं थांबलं की मरायला लागते. आधी तांब्याच्या वायरी गेल्या, मग नळ, दिवे, संगमरवर. मग खिडक्या फुटल्या. मनोऱ्याला शेकडो खिडक्या, त्या सगळ्या फुटल्यावर लांबून आरपार आकाश दिसायचं. अमेरिकेतले फोटोग्राफर आवर्जून येऊन ही पडझड टिपायचे. ‘ट्रान्सफॉर्मर्स’ या सिनेमाचं चित्रीकरण इथे झालं, आपल्या नातवंडांनी पाहिला असेल. पण सगळ्यांत मोठा चोर होता पाणी. छत गळायला लागलं. फरशीच्या सांध्यात पाणी शिरतं, तिथल्या थंडीत गोठतं, गोठताना फुगतं, आणि सांधा उचकटतो. पुढच्या वर्षी जास्त पाणी, जास्त बर्फ. असं तीस हिवाळे. तळघरात पाणी साचतच गेलं.

गावाचीही तीच गत झाली. १९५० मध्ये डेट्रॉईटची लोकसंख्या साडेअठरा लाख होती, २०१० मध्ये सात लाखांच्या आसपास. २०१३ मध्ये महानगरपालिकेनं चक्क दिवाळखोरीचा अर्ज केला, अमेरिकेच्या इतिहासातली कुठल्याही शहराची सर्वांत मोठी दिवाळखोरी. सगळ्या जगातल्या वर्तमानपत्रांनी या बातमीसोबत फोटो कुणाचा छापला असेल? याच स्टेशनाचा. गावातल्या लोकांना त्याचा किती मनस्ताप व्हायचा, हे तिथे राहिलेल्या एका आजींकडून मी ऐकलं. त्या मुलीच्या शेजारी राहतात. म्हणाल्या, “आमच्या घरातलं प्रेत रोज पेपरात.”

मग पाडायचं का? २००९ मध्ये नगरपरिषदेनं तसा ठराव केला. इमारत १९७५ पासून राष्ट्रीय वारसा यादीत होती, म्हणून एक नागरिक कोर्टात गेला. आधीचा इतिहास असा की, न्यूयॉर्कचं पेन स्टेशन १९६३ पासून पाडलं गेलं, तेव्हा लोक हळहळले आणि त्यातून वारसा जपण्याचे कायदे कडक झाले. पण डेट्रॉईटचं स्टेशन कायद्यानं वाचलं असं मी म्हणणार नाही. अठरा मजली दगडी इमारत पाडायलाही पैसे लागतात, आणि ना मालकाची इच्छा होती, ना पालिकेकडे पैसा. ते वाचलं मुख्यतः कुणालाच काही न परवडल्यामुळे. थकीत खात्यांबाबत असं बऱ्याचदा होतं. जप्ती करायची तर ट्रकचं भाडं कोण देणार?

२०१८ मध्ये ही इमारत घेतली ती फोर्ड मोटर कंपनीनं. ९ कोटी डॉलरला. ज्या मोटारीनं स्टेशन रिकामं केलं, तिनंच ते विकत घेतलं. भूतदया म्हणून नव्हे. मोटारधंदा आता बॅटरी आणि सॉफ्टवेअरकडे चाललाय, त्या कामाला तरुण इंजिनियर हवेत, आणि तरुण इंजिनियर कारखान्याच्या शेडमध्ये बसायला तयार नाहीत. म्हणून कचेऱ्या, प्रयोगशाळा, नव्या कंपन्यांना जागा. स्टेशन आणि आजूबाजूचा परिसर मिळून सुमारे ९५ कोटी डॉलर खर्च, त्यात करसवलतींची मदत. मला हे बरं वाटलं. नुसत्या हळव्या मनानं इमारती उभ्या राहत नाहीत. आत बसायला रोज येणारं माणूस लागतं.

सहा वर्षं काम चाललं. पहिलं काम रंगरंगोटीचं नव्हे. पहिलं काम पाणी काढायचं. तळघरातून सुमारे ३५ लाख गॅलन पाणी उपसलं. आपल्याकडे मे महिन्यात दहा हजार लिटरचा टँकर येतो ना, तसे तेराशेवर टँकर. मग छप्पर बंद केलं आणि इमारत वाळू दिली. घाई केली नाही. ओल्या भिंतीवर गिलावा करून काय होतं, ते ए विंगच्या चौथ्या मजल्यावर जाऊन पाहावं.

मग छताच्या फरशा एकेक वाजवून तपासल्या. आता तो आकडा. तीस वर्षं पाऊस, बर्फ, कबुतरं, सगळं सोसून २९ हजारांतल्या बदलाव्या लागल्या सुमारे तेराशेच. सांधे मात्र जवळजवळ सगळे नव्यानं भरावे लागले. कारागिराचं काम टिकलं होतं, देखभाल राहिली होती.

बाहेरचा दगड इंडियाना राज्यातल्या खाणीचा. ती खाण बरीच वर्षं बंद होती, ती पुन्हा उघडून सुमारे सहाशे टन दगड आणला, रंग जुळावा म्हणून. एका खांबाचं नक्षीदार शीर्ष गेलेलं, ते एका पाथरवटानं हातानं कोरलं, ४२८ तास लागले. त्याच इमारतीत काही नक्षीचे तुकडे संगणकानं मोजून थ्रीडी प्रिंटिंगनं केलेत. दोन्ही शेजारी शेजारी आहेत, आणि सांगितल्याशिवाय मला तरी फरक कळला नाही. काही भिंतींवर ओस पडलेल्या काळातल्या पोरांनी रंगवलेली चित्रं मुद्दाम तशीच ठेवलीत. आमच्या हिला ते पटलं नाही, “एवढा खर्च केला आणि भिंत पुसली नाही?” म्हणाली. मला पटलं. तीस वर्षं त्या पोरांशिवाय तिथे कोण येत होतं?

छतालगतच्या गिलाव्यामागे कामगारांना २०२१ मध्ये एक बिअरची बाटली सापडली, डेट्रॉईटच्याच कंपनीची. आत चिठ्ठी, जुलै १९१३ ची तारीख आणि दोन कारागिरांची नावं. या कामाचा पुरावा कुणीतरी कधीतरी वाचेल म्हणून ठेवलेली. काम संपवून बिअर प्यायली की पिऊन काम संपवलं, हे चिठ्ठीत नाही.

आता मी बाहेरच्या गावातून थोडा आपल्या गच्चीवर येतो. माझं म्हणणं ‘जुनं ते सोनं’ असं अजिबात नाही. पुनर्विकासाला माझा तत्त्वतः विरोध नाही. जी इमारत खरोखर धोकादायक आहे ती पाडलीच पाहिजे. पण आपली पंचवीसची आहे. उपविधीप्रमाणे पंधरा ते तीस वर्षांच्या इमारतीचं दर पाच वर्षांनी स्ट्रक्चरल ऑडिट करायचं असतं. आपलं मागचं ऑडिट मी वाचलंय. त्यात कॉलम-बीमबद्दल जेवढं लिहिलंय, त्याच्या तिप्पट गच्चीतून मुरणाऱ्या पाण्याबद्दल लिहिलंय. गच्चीच्या वॉटरप्रूफिंगचा ठराव तीन वर्षं या सभेतून त्या सभेत चाललाय, कारण खालच्या मजल्यांवरच्या सभासदांना वाटतं, गळतं ते वरच्यांकडे. पहिल्या वर्षीचं कोटेशन आणि यंदाचं कोटेशन माझ्याकडे फाईलला आहे. फरक किती, ते मी आज माईकवरून सांगत नाही. पुढच्या रविवारी सभा आहे, तिथे कागद फिरवीन. त्याआधी कुणी ‘आता दुरुस्तीत पैसे कशाला घालायचे, जाईलच पुनर्विकासाला’ असं म्हणालं, तर त्यांनी एवढंच सांगावं की, कोणत्या साली? आणि तोपर्यंत पाणी कुठे ठेवायचं?

असो. सभेचा विषय सभेत. स्टेशनाची एक गोष्ट राहिली.

फोर्डनं स्टेशन घेतल्याची बातमी आली, त्यानंतर थोड्याच दिवसांत एक निनावी निरोप आला. स्टेशनाचं मोठं घड्याळ, जे पूर्वी चोरीला गेलं होतं, ते एका ठिकाणी ठेवलंय, घेऊन जा. माणसं गेली. एका जळक्या ट्रेलरला टेकवून, सामान हलवताना वापरतात तशा जाड कांबळ्यांत गुंडाळून, घड्याळ ठेवलं होतं. नेणाऱ्यानं इतकी वर्षं जपलं होतं. इमारतीचं आता बरं होणार, असं त्याला वाटलं आणि त्यानं ते परत केलं. मग आणखीही लोकांनी वस्तू आणून दिल्या. कुणी दिव्याचे भाग, कुणी पाणी प्यायचं कारंजं. पोलिसांत जायचं नाही असं कंपनीनं ठरवलं होतं. हे शहाणपणाचं होतं. आमच्याकडे कर्जफेडीच्या सवलत योजनेत असंच असायचं. दंड माफ म्हटलं की, ज्यांची आशा सोडली ते समोर येऊन उभे राहत.

६ जून २०२४ ला समोरच्या बागेत मोठा कार्यक्रम करून स्टेशन पुन्हा उघडलं. डायना रॉस गायल्या. त्या डेट्रॉईटच्याच. आम्ही गेलो तेव्हा आत तुडुंब गर्दी होती. चाकाच्या खुर्चीतली एक वृद्ध बाई आपल्या नातवाला बोट दाखवून सांगत होती की, वडिलांना पोचवायला आम्ही इथे, या खिडकीजवळ थांबायचो. मनोऱ्यात लोक कामाला येतात. मागच्या रुळांवरून मालगाड्या बोगद्याकडे जातात. प्रवासी गाडी मात्र अजून थांबत नाही. ती थांबावी अशी बोलणी चालू आहेत असं जावई सांगतात.

छायाचित्रं मी छापून आणली आहेत, त्या टेबलावर मांडलीत. एकामागून एक पाहा, अल्बममधून काढू नका. आणि बालगोपाळांनी बाटलीचा फोटो आधी पाहिला तरी चालेल. चहा आणि बटाटेवडे तयार आहेत असं खुणेनं सांगताहेत, तेव्हा प्रश्न तिकडेच विचारा.